इम्युलेटर फुकट असतो, त्याचे दीड हजार देऊ नका

संपादक महोदय,
स.न.वि.वि.

जुन्या गेम मशीनचे गेम लॅपटॉपवर चालवणाऱ्या प्रोग्रॅमबद्दल, म्हणजे इम्युलेटरबद्दल, हे पत्र आहे आणि ते लांब होणार आहे. जागा नसेल तर कापा, पण मधला डिस्कचा भाग आणि शेवटचं बॅटरीचं तेवढं ठेवा, त्यासाठीच मी लिहायला बसलेय.

मी शुक्रवार पेठेत राहते. उद्यमनगरातल्या चार-पाच छोट्या वर्कशॉपचे हिशेब आणि जीएसटीची रिटर्न घरूनच भरते, त्यामुळं घरातला एकमेव लॅपटॉप म्हणजे माझी रोजीरोटी. मुलगा आठवीत आहे. मे महिन्याच्या सुट्टीत त्याला माळ्यावरच्या पेटीत मामाचा, म्हणजे माझ्या धाकट्या भावाचा, पीएसपी सापडला. पीएसपी म्हणजे सोनीचं हातात धरून खेळायचं जुनं गेमचं मशीन. भाऊ तेव्हा शिरोली एमआयडीसीत कामाला होता आणि २००९ साली पहिल्या दिवाळी बोनसमधनं त्यानं तो घेतला होता, आता भाऊ पुण्याला असतो. पीएसपी बघितला तर बॅटरीचं झाकण बसेना, बॅटरी पोळीसारखी टम्म फुगलेली. आता हा काय चालू होणार नाही असं वाटलं आणि पोरगं तर मागंच लागलं, म्हणून मी लॅपटॉप घेऊन एका दुकानात गेले. दुकानाचं नाव घेत नाही, कारण मला भांडण करायचं नाही, पण जे झालं ते दुसऱ्या कुणाबरोबर होऊ नये.

दुकानात सांगितलं, ताई, पीएसपी लॅपटॉपवरच टाकून देतो, ४० गेम भरून, १५०० रुपये. वर बायोस फाईलचे, म्हणजे मशीन सुरू करणाऱ्या मूळ प्रोग्रॅमचे, ३०० वेगळे. मला कुठलं कळतंय, दिले. घरी आणला तर गेम चालला, खोटं कशाला सांगू. पण दुसऱ्या दिवशी ब्राउझर उघडला की भलतंच पान यायला लागलं, कोपऱ्यात सारख्या जाहिराती, आणि पोर्टलवर लॉगिन करताना मशीन एवढं जड की ओटीपीची वेळ संपून जायची. मग संध्याकाळी मी आणि मुलगा विंडोज सिक्युरिटी उघडून एकेक पान बघत बसलो. तिथं एक्सक्लुजन म्हणून यादी असते, म्हणजे ह्या ह्या जागा तपासू नको असं अँटीव्हायरसला सांगून ठेवलेलं असतं. त्या यादीत आख्खा सी ड्राइव्ह होता. माझ्या पाच गिऱ्हाइकांचे पासवर्ड, बँकेचं लॉगिन, सगळं त्याच ड्राइव्हवर. आधी मोबाईलवरनं सगळे पासवर्ड बदलले, रात्रीचे दोन वाजले, मग डेटा पेनड्राइव्हवर घेतला आणि विंडोज नव्यानं टाकली.

दुकानदारानं मुद्दाम केलं असं मी म्हणत नाही. त्यानंही कुठल्यातरी साईटवरनं 'पीएसपी इम्युलेटर फ्री डाउनलोड विथ गेम्स' असं काहीतरी उचललं असणार आणि अँटीव्हायरस ओरडायला लागला म्हणून त्याचं तोंड बंद केलं असणार. पण कितीतरी आईबाप पोरांच्या हट्टापायी असंच करून घेतात आणि त्याच लॅपटॉपवरनं बँकेचे व्यवहार करतात, म्हणून मला नंतर जे कळलं ते सांगते.

पहिली गोष्ट, पीएसपीचा इम्युलेटर फुकट आहे. त्याचं नाव पीपीएसएसपीपी. हेन्रिक रिडगॉर्ड नावाच्या प्रोग्रॅमरनं २०१२ च्या नोव्हेंबरमध्ये तो काढला आणि तेव्हापासून त्याचा सगळा कोड उघडा आहे, कुणीही वाचावा, कुणीही सुधारावा. पीपीएसएसपीपी डॉट ओआरजी ही त्यांची स्वतःची साईट, तिथंच जायचं, बाकी कुठं नाही. गोल्ड नावाचं एक पैसे देऊन घ्यायचं व्हर्जन आहे, पण ते काम करणाऱ्यांना मदत म्हणून, आत गेम तेच चालतात. आणि बायोसचे ३०० रुपये तर निव्वळ पाण्यात गेले, कारण ह्याला बायोस लागतच नाही. पहिल्या आणि दुसऱ्या प्लेस्टेशनच्या इम्युलेटरना बहुतेक वेळा मूळ मशीनमधली बायोस फाईल लागते, पण पीपीएसएसपीपीमध्ये पीएसपीच्या सिस्टिमचं काम इम्युलेटर स्वतःच करतो. म्हणून कुणी पीएसपीसाठी बायोस मागितला की समजायचं, एकतर त्याला माहीत नाही नाहीतर तो आपल्याला उल्लू बनवतोय.

इम्युलेटर म्हणजे काय ते मी माझ्या परीनं समजून घेतलं. पीएसपीतला प्रोसेसर वेगळ्या जातीचा आहे, त्याला एमआयपीएस म्हणतात, जास्तीत जास्त ३३३ मेगाहर्ट्झचा. आपला लॅपटॉप इंटेलचा, त्याला ती भाषा कळत नाही. इम्युलेटर मध्ये दुभाष्यासारखा बसतो आणि गेम जे जे मागतो ते लॅपटॉपला त्याच्या भाषेत सांगत राहतो, तेही एका सेकंदात ६० वेळा चित्र बदलत. पीएसपीची रॅम पहिल्या मॉडेलला ३२ एमबी आणि नंतरच्या स्लिमला ६४, म्हणजे आजच्या फोनमधल्या मोजक्या फोटोंएवढी फारतर. त्यामुळं माझा जुना आय-३ चा ४ जीबीवाला लॅपटॉपसुद्धा हे काम आरामात करतो. नवीन ग्राफिक्स कार्ड घ्या, गेमिंग पीसी घ्या असं कुणी म्हणालं तर पीएसपीसाठी तरी त्याची गरज नाही.

विंडोज नव्यानं टाकल्यावर सेटअप मुलानंच केला, मी शेजारी बसले होते. झिप डाउनलोड केली, डी ड्राइव्हवर एका फोल्डरमध्ये उघडली, त्यातली ६४ वाली ईएक्सई चालवली, एवढंच. सेटिंग्जमध्ये ग्राफिक्सला गेलं की सगळ्यात वर बॅकएंड विचारतो, म्हणजे चित्र कुठल्या पद्धतीनं काढायचं ते. वल्कन चांगलं म्हणतात पण आमच्या जुन्या इंटेल ग्राफिक्सला ते मिळत नाही म्हणून डायरेक्टथ्रीडी ११ ठेवलं. रेंडरिंग रिझोल्युशन २एक्स केलं. पीएसपीचा स्क्रीन ४८० बाय २७२ चा, तो तसाच लॅपटॉपभर ताणला की चेहरे पिठाच्या गोळ्यासारखे दिसतात, २एक्सला ९६० बाय ५४४ होतं आणि एकदम धुतल्यासारखं स्वच्छ. ३एक्सला आमचं मशीन धापा टाकायला लागलं म्हणून परत खाली आणलं. फ्रेमस्किप, म्हणजे मधली मधली चित्रं गाळणं, बंद ठेवा, ज्यांचं मशीन फारच दमतं त्यांनीच ते वापरावं. कीबोर्डवर झेड, एक्स, ए, एस ही चार बटणं म्हणजे पीएसपीची फुली, गोल, चौकोन, त्रिकोण, आणि स्पेस म्हणजे स्टार्ट. यूएसबीची जॉयस्टिक असेल तर कंट्रोल मॅपिंगमध्ये जाऊन एकेक बटण दाबून दाखवायचं. आल्ट-एंटर दाबलं की फुल स्क्रीन. एफ२ नं आहे त्या क्षणी सेव्ह होतं आणि एफ४ नं परत तिथंच येतं, पण ह्याच्यावर सगळी भिस्त ठेवू नका, इम्युलेटरचं नवीन व्हर्जन टाकल्यावर असा जुना सेव्ह कधीकधी उघडत नाही. गेमच्या आतनं सेव्ह करायची सवय ठेवा, ते टिकतं.

आता मुख्य गोष्ट. मुलाला हवा होता मामाचा फुटबॉल गेम. कोल्हापुरात सीझन सुरू झाला की शाहू स्टेडियमवर पेठा-पेठांचं काय वातावरण असतं ते आपल्या वाचकांना मी काय सांगणार. माझ्या भावानं त्या गेमच्या एडिट मोडमध्ये बसून, महिनाभर तरी गेला असेल त्याचा, एका आख्ख्या टीमच्या खेळाडूंची नावं पुसून आमच्या गल्लीतल्या पोरांची नावं घातली होती. गोलीला कोपऱ्यावरच्या दूधवाल्याचा मुलगा, डिफेन्सला दोन चुलतभाऊ, सेंटर फॉरवर्ड अर्थात स्वतः. आणि अकरा नंबरला माझं नाव, कारण मी रोज चहा करून द्यायचे. हे सगळं पीएसपीच्या मेमरी स्टिकवर, म्हणजे त्यातल्या छोट्या कार्डावर होतं.

दुकानदारानं भरलेल्या ४० गेममध्ये तो फुटबॉलचा गेम होता. विंडोज बदलायच्या आधी आम्ही मेमरी स्टिकमधला सेव्ह त्यात टाकला, म्हणजे पीएसपी फोल्डरच्या आत सेव्हडेटा म्हणून फोल्डर असतं ते इम्युलेटरच्या मेमस्टिक नावाच्या फोल्डरमध्ये तसंच त्याच जागी कॉपी केलं. गेम उघडला, टीम जुन्याच. मामाचा सेव्ह दिसेचना. मला वाटलं इतक्या वर्षांत फाईल खराब झाली असणार. मुलानं मात्र पकडलं. म्हणाला, आई, मामाच्या फोल्डरचं नाव यूएलईएस नं सुरू होतंय आणि हा गेम नवीन सेव्ह करतोय तो यूएलयूएस नं. मग लक्षात आलं, भावाची डिस्क युरोपची होती आणि दुकानदारानं उतरवलेला गेम अमेरिकेचा. नाव तेच, कव्हर तेच, पण डिस्कचा नंबर वेगळा, आणि सेव्ह त्या नंबरावर बांधलेला असतो. म्हणजे मामाचा सेव्ह उघडायला मामाचीच डिस्क पाहिजे.

डिस्क घरातच होती. पीएसपीची डिस्क म्हणजे यूएमडी, ६० मिलिमीटरची छोटी चकती प्लास्टिकच्या कवचात, जास्तीत जास्त १.८ जीबी मावते. ती कुठल्याच कॉम्प्युटरच्या ड्राइव्हमध्ये जात नाही, तिची कॉपी काढायची तर चालू पीएसपीच लागतो. फुगलेली बॅटरी काढून टाकली आणि नुसत्या चार्जरवर लावला तर तो चालू झाला, इतक्या वर्षांनी! त्यात कस्टम फर्मवेअर, म्हणजे सोनीच्या मूळ सिस्टिममध्ये बाहेरच्यांनी बदल करून बनवलेली सिस्टिम, तेव्हापासूनच होतं. सिलेक्ट दाबून येणाऱ्या मेनूत यूएसबी डिव्हाइसला मेमरी स्टिकच्या जागी यूएमडी डिस्क निवडायचं, जुन्या कॅमेऱ्याची असते ती मिनी यूएसबी वायर लॅपटॉपला जोडायची आणि सेटिंग्जमधनं यूएसबी कनेक्शन चालू करायचं. मग लॅपटॉपवर पेनड्राइव्ह दिसावा तशी त्या डिस्कची आयएसओ फाईल, म्हणजे आख्ख्या डिस्कची एकाच फाईलमधली नक्कल, दिसते, ती उचलून घ्यायची. डिस्क फिरायचा तो खर्रर्र आवाज खोलीभर येत होता. बॅटरी नाही म्हणून दोनदा लाईट गेली तेव्हा दोनदा पहिल्यापासून. तिसऱ्या वेळी वीसेक मिनिटांत सगळी फाईल आली.

ती फाईल नव्या इम्युलेटरमध्ये लावली, सेव्ह टाकला, टीम निवडली. खाली डाव्या बाजूला बॉल ज्याच्याकडं आहे त्याचं नाव येतं, तिथं इंग्रजी अक्षरांत दूधवाल्याच्या पोराचं नाव आलं. मी भावाला व्हिडिओ कॉल लावला आणि फोन नुसता स्क्रीनसमोर धरला. तो काही बोललाच नाही, मग म्हणाला, अकरा नंबरला पास दे.

हे सगळं एवढं सविस्तर लिहायचं कारण म्हणजे दुसरी डिस्क. भावाकडं 'देसी अड्डा' नावाचा गेम होता. हैदराबादच्या गेमशास्त्र कंपनीनं बनवलेला, पीएस२ (म्हणजे दुसरं प्लेस्टेशन) आणि पीएसपीवर आलेला, त्यात कबड्डी, विटीदांडू, पतंग असे आपले खेळ होते. परदेशी मशीनवर आपल्याकडच्या पोरांनी केलेला कबड्डीचा गेम! भाऊ तो पाहुण्यांना मुद्दाम काढून दाखवायचा. ती डिस्क खाली टीव्हीच्या ड्रॉवरमध्ये होती. २०१९ च्या ऑगस्टमध्ये पंचगंगा आली, राजाराम बंधाऱ्याला धोका पातळी ४३ फूट आणि पाणी ५५ फुटांच्याही वर गेलं, आमच्या गल्लीत बोट फिरत होती. माळ्यावरची पेटी वाचली, ड्रॉवरमधलं काहीच वाचलं नाही. यूएमडीच्या कवचाला मागं उघडी खिडकी असते, लेन्स तिथनं वाचते, झाकण असं काही नसतं. त्या खिडकीतनं पुराचा गाळ आत गेला आणि आत सुकून बसला. मी यंदा ती डिस्क घालून बघितली, पीएसपी नुसता फिरवत राहतो.

आणि ती आता आणायची कुठनं? पीएसपी बनवणं २०१४ मध्ये बंद झालं, पीएसपीवरनं थेट गेम विकत घ्यायची सोय २०२१ च्या जुलैत बंद केली. अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशननं २०२३ मध्ये मोजून सांगितलं की तिथं २०१० च्या आधी आलेल्या जुन्या गेमपैकी ८७ टक्के आज बाजारात विकतच मिळत नाहीत. जिथं एवढा मोठा धंदा आहे तिथं ही गत. मग आपल्याकडच्या कबड्डीच्या गेमची काळजी कोण करणार, ज्याच्या ड्रॉवरमध्ये डिस्क आहे त्यानंच करायची.

काही जण म्हणतील हे सगळं चोरीचं काम आहे. मलाही आधी तसंच वाटत होतं, म्हणून मी वाचून घेतलं. इम्युलेटर हा नुसता प्रोग्रॅम आहे. अमेरिकेत सोनीनंच कनेक्टिक्स कंपनीवर पहिल्या प्लेस्टेशनच्या इम्युलेटरवरनं खटला टाकला होता आणि २००० साली अपील कोर्टानं कनेक्टिक्सच्या बाजूनं निकाल दिला. ॲपलनं २०२४ मध्ये आपल्या स्टोअरवर असे इम्युलेटर यायला परवानगी दिली आणि पीपीएसएसपीपी तिथंही आला. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात कलम ५२ आहे, त्यात कॉम्प्युटर प्रोग्रॅमची प्रत ज्याच्याकडं रीतसर आहे त्याला, ती हरवू नये, खराब होऊ नये म्हणून तिच्यावरनं बॅकअप काढायची मुभा दिलेली आहे. तिच्यावरनं, म्हणजे आपल्या स्वतःच्या प्रतीवरनं. लोकांचे ४० गेम उतरवून १५०० ला विकणं ह्यात कुठंच बसत नाही. आणि माझी कबड्डीची डिस्क गाळात गेली तेव्हा माझ्याकडं बॅकअप काढायला प्रतच उरली नाही, हे मला खरं लागलं. २०१९ च्या आधी कुणी मला हे सांगितलं असतं तर वीस मिनिटांचं काम होतं.

दुकानदार मंडळींना एवढंच सांगणं आहे. सेटअप करून द्यायची मजुरी घ्या, जरूर घ्या, तुमचा वेळ जातो. पण प्रोग्रॅम फुकट आहे हे गिऱ्हाइकाला सांगून घ्या आणि अँटीव्हायरसला हात लावू नका. आईबापांनीही घाबरून पोरांना हाकलू नये. फोल्डर कुठं असतं, बॅकअप कसा घ्यायचा, दोन फाईलींची नावं शेजारी ठेवून चूक कशी शोधायची, हे माझा मुलगा ह्या पंधरा दिवसांत शिकला, आणि विंडोज सिक्युरिटीची ती यादी आता दर रविवारी तोच मला उघडून दाखवतो.

संपादक साहेब, आपल्या पुरवणीत मोबाईल-कॉम्प्युटरचं पान असतं. पावसाळा तोंडावर आहे, नदीकाठच्या पेठांमध्ये सामान वर चढवायला सुरुवात झालीय. त्या पानावर अर्धा कॉलम द्या की घरात जुने पीएसपी, गेमबॉय, त्यांच्या डिस्क, कार्ट्रिज, मेमरी स्टिक असतील तर भंगारवाल्याला किलोवर घालू नका, मशीन चालू आहे तोवर कॉपी आणि सेव्ह काढून दोन ठिकाणी ठेवा. शुक्रवार पेठ, शाहूपुरी, दुधाळीकडच्या किती घरांत अशा डिस्क असतील. कुणाकडं 'देसी अड्डा'ची धड डिस्क असेल तर त्यांनी आजच काढावी.

आणि बॅटरीचं. पीएसपी पेटीतनं काढल्या काढल्या आधी मागचं झाकण बघा. फुगलेलं असेल तर चार्जर लावून बघू नका, बॅटरी हळूच बाहेर काढा, चमचा-स्क्रूड्रायव्हरनं खुपसू नका, दाबून परत बसवू नका, घरच्या कचऱ्यात टाकू नका, ई-कचरा घेणाऱ्याकडंच द्या. मशीन बॅटरीशिवाय नुसत्या चार्जरवर चालतं, फक्त कॉपी चालू असताना लाईट जाणार नाही अशी वेळ बघून बसा, आमच्याकडं पहाटे पाचला जमलं.

आपली एक वाचक,
शुक्रवार पेठ, कोल्हापूर